मे महिन्यात टेरेसवर थरांचे जेली शॉट्स टिकतील का? तिनदा बिघडलेत, मदत करा

घोडबंदरची_गच्ची

नमस्कार मंडळी. मेच्या २४ तारखेला नवऱ्याचा चाळिसावा वाढदिवस आहे आणि आम्ही घोडबंदर रोडला सगळ्यात वरच्या मजल्यावर राहतो, टेरेस आमच्याच फ्लॅटला जोडून आहे, म्हणून पार्टी घरीच ठेवलीय. तीसेक माणसं होतील. जेवण बाहेरून येणार पण मला स्वतःच्या हाताने काहीतरी करायचं आहे, आणि ते रंगीत थरांचे जेली शॉट्स मनात अगदी बसलेत, लाल पांढरा हिरवा केशरी असे एकावर एक थर आणि प्रत्येक थरात थोडी व्होडका.

तर गेल्या दोन रविवारी मिळून तीन वेळा करून बघितले. पहिल्यांदा लाल थर तासभर फ्रिजमध्ये ठेवला आणि वर गरम हिरवा ओतला तर दोन्ही मिसळून चॉकलेटी गाळ झाला. दुसऱ्यांदा घाबरून लाल थर रात्रभर ठेवला, वरचा थर थंड करून घातला, दिसायला मस्त झालं पण कापायला गेले तर थर पत्त्यांसारखे एकमेकांवरून घसरून वेगळे झाले. तिसऱ्यांदा खरंच छान जमले म्हणून संध्याकाळी सात वाजता ट्रे टेरेसवर नेला, नवऱ्याला दाखवायला, वीस मिनिटांत कडा वितळून खाली पाणी जमलं. मला रडूच आलं हो, कारण जिन्नस स्वस्त नाहीत.

अजून एक, त्याच्या ऑफिसातले चार जण शुद्ध शाकाहारी आहेत, दारू घेतात पण जिलेटिन खाणार नाहीत. त्यांना वगळून करणं मला बरं वाटत नाही. चायना ग्रासचं होतं का हे? आणि होत असेल तर प्रमाण काय?

खारघरकर

तुमचं तिन्ही वेळा तापमानानेच बिघडवलंय. जिलेटिनची जेली साधारण ३० ते ३५ डिग्रीला वितळते, म्हणून तर ती तोंडात टाकल्या टाकल्या विरघळते, आणि मे महिन्यात आपल्याकडे संध्याकाळी सातलासुद्धा हवा त्याच्याच आसपास असते, वर टेरेसची लादी दिवसभर तापलेली. दारू घातली की जेली अजून मऊ होते. जिलेटिन वापरायचं असेल तर ट्रे बर्फाच्या परातीवर ठेवा आणि एका वेळी दहा-पंधराच बाहेर काढा, दुसरा इलाज मला तरी माहीत नाही.

थर कसे घालायचे ते सांगतो, मी ऑफिसच्या ग्रुपसाठी चार-पाच वेळा केलेत. खालचा थर बोटाला चिकटेल पण ट्रे तिरका केला तर वाहणार नाही, अशा अवस्थेत वरचा ओतायचा. फ्रिजमध्ये वीस मिनिटांपासून अर्धा तास, त्याच्यापुढे गेलात की वर पाण्याचा पातळ थर धरतो आणि तिथूनच घसरतं, तुमच्या दुसऱ्या वेळेला तेच झालं. वरचं मिश्रण कोमट हवं, बोट घातलं तर ना गरम ना गार. आणि सरळ ओतू नका, डाव उलटा धरून त्याच्या पाठीवरून हळूहळू सोडा, नाहीतर जिथे धार पडते तिथे खड्डा पडतो. बाकीचे रंग वाट बघत असताना घट्ट व्हायला लागतात, त्यांची भांडी कोमट पाण्याच्या पातेल्यात ठेवून द्या. फ्रीझरमध्ये घालून घाई तर अजिबात करू नका, बर्फाचे कण धरतात आणि मग सगळं पाणी सोडतं.

प्रमाण माझं असं असतं: बिनचवीचं जिलेटिन ७ ग्रॅम, एकूण पातळ २४० मिली, त्यातली ८० मिली व्होडका. जिलेटिन आधी गार पाण्यात पाच-दहा मिनिटं फुगवायचं, मग गरम पाण्यात विरघळवायचं, उकळायचं नाही. कोमट झालं की शेवटी व्होडका.

नेरुळची_सुगरण

अगं गच्ची, चायना ग्रासच कर. उगीच जिलेटिनच्या मागे लागू नकोस. चायना ग्रास म्हणजे समुद्री शेवाळ, शाकाहारी लोकांचा प्रश्नच मिटला, आणि एकदा घट्ट झालं की साधारण ८५ डिग्रीपर्यंत वितळत नाही, म्हणजे टेरेसवर रात्रभर राहिलं तरी चौकोन जसेच्या तसे. माझ्या सासूबाई उपासाला दुधाचं करायच्या, मे महिन्यात, फ्रिज नसताना. मग ते तुझ्या पार्टीत का टिकणार नाही?

फरक एकच, जिलेटिनसारखं लडबडत नाही, जरा करकरीत लागतं, हलवाईच्या वडीच्या जवळ जातं. मला तर तसंच आवडतं.

पावडर घे, काड्या घेतल्यास तर अर्धा तास भिजवाव्या लागतात आणि प्रमाणाचा अंदाज चुकतो. केकचं सामान ठेवणाऱ्या कुठल्याही दुकानात मिळते, ठाण्यात जांभळी नाक्याच्या बाजारात विचार, आमच्याकडे वाशीला मिळते. एका थराला एक सपाट चमचा पावडर, १०० मिली साधं पाणी, दोन-तीन मिनिटं खळखळून उकळायचं, नुसतं गरम करून चालत नाही, कण विरघळायला हवेत. मग गॅस बंद, त्यात ६० मिली सरबत आणि त्यानंतर ८० मिली दारू. सरबत आणि दारू दोन्ही बाहेरच्या तापमानाला हवीत गं, फ्रिजमधली बाटली ओतलीस तर चाळीस डिग्रीच्या आसपास ते लगेच धरायला लागतं आणि गुठळ्या होतात. आणि गॅस चालू असताना दारूची बाटली जवळसुद्धा आणायची नाही, वाफ पेट घेते.

रंगांसाठी बाटलीतले रंग नको घालूस. लाल थर कोकम सरबताचा, हिरवा खसचा, केशरी हापूसच्या रसाचा, पांढरा नारळाच्या दुधाचा. मे महिना आहे, हे सगळं घरात असतंच. कोकम मात्र चायना ग्रासबरोबर उकळू नको, आंबट पदार्थात उकळलं की ते धरत नाही, म्हणून तर आधी साध्या पाण्यात उकळायला सांगितलं. नारळाच्या दुधात दारू घालू नको, तो थर तसाच गोड ठेव, दोन आंबट थरांच्या मध्ये पांढरा आला की चव बरोबर बसते. कोकमाबरोबर काजूची फेणी मिळाली तर व्होडका बाजूला ठेव, मालवणकडची माणसं असतील तर डोळे मिटून खातील.

ऐरोली_लॅबवाला

सुगरणताईंनी सांगितलंय ते सगळं बरोबर आहे, मी खाद्यपदार्थांच्या लॅबमध्ये काम करतो म्हणून थोडी भर घालतो.

चायना ग्रासचे थर एकमेकांना आपोआप चिकटत नाहीत, हा त्याचा खरा दोष. जिलेटिनमध्ये वरचा कोमट थर खालच्याचा पापुद्रा जरासा वितळवतो आणि सांधा बसतो, इथे खालचा थर वितळतच नाही. म्हणून वरचं मिश्रण चांगलं गरम असतानाच, म्हणजे पन्नास-साठ डिग्रीला, आणि खालच्या थरावर नुकती साय धरलीय, आत अजून थरथरतोय, तेव्हाच ओतायचं. उशीर झालाच तर काट्याने खालच्या थरावर हलक्या रेघा ओढायच्या, खरबरीत झालं की पकड येते. खोलीच्या तापमानालाच धरतं त्यामुळे एकेक थर पाच-सात मिनिटांचा खेळ आहे, चारही भांडी, मोजलेलं सरबत, मोजलेली दारू सगळं ओट्यावर मांडून मगच गॅस पेटवा.

हापूसचा रस ताजा असेल तर एक चटका देऊन मग वापरा. आणि कुणी जिलेटिनच करणार असेल तर ताजा अननस, पपई, किवी यांचा रस कधीच नाही. त्यांच्यात प्रथिनं तोडणारी एन्झाइम्स असतात, जिलेटिन हे प्रथिनच, म्हणून रात्रभर ठेवलं तरी पाणीच राहतं. डब्यातला अननस चालतो कारण तो उष्णता देऊन भरलेला असतो. चायना ग्रासला हा त्रास नाही, ते प्रथिन नाही.

बाजारातलं तयार जेलीचं पाकीट घेणार असाल तर मागे नंबर वाचा. ४०६ म्हणजे चायना ग्रास, ४०७ म्हणजे कॅराजिनन, तेही समुद्री शेवाळाचंच, आणि ४२८ म्हणजे जिलेटिन. हिरवा ठिपका असलेल्या पाकिटात जिलेटिन असूच शकत नाही, त्यामुळे तुमच्या त्या चौघांसाठी ठिपका बघितला तरी पुरे.

पाचपाखाडीची_आई

कृतीबद्दल मला फार कळत नाही पण एक गोष्ट लिहिल्याशिवाय राहवत नाहीये. पार्टीला मुलं असणार का? असतील तर हे फार जपून करा. आमच्या सोसायटीत एका घरी रंगीत जेलीचा ट्रे फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवला होता आणि साडेपाच वर्षांच्या मुलाने चार वड्या खाल्ल्या, कुणाला कळलंच नाही, तो झोपाळल्यासारखा करायला लागला तेव्हा कळलं, रात्री त्याला घेऊन हॉस्पिटलमध्ये धावाधाव. वाचला, ठीक आहे आता, पण त्या आईची ती रात्र मी बघितलीय. मुलाला जेली म्हणजे जेलीच, त्याला काय कळणार. ट्रे वरच्या कप्प्यात, झाकण लावून, वर मोठ्या अक्षरात चिठ्ठी. आणि मुलांसाठी बिनदारूची जेली करणार असाल तर रंगही वेगळा आणि आकारही वेगळा, ह्याच्यासारखी अजिबात दिसायला नको.

कॉलेजातली भाचे-पुतणे मंडळी असतील तर तेही बघा, महाराष्ट्रात व्होडका-रमसारख्या हार्ड लिकरला वय २५ पूर्ण लागतं, आणि परमिटही लागतं.

खारघरकर

पाचपाखाडीच्या ताई, हे लिहिलंत ते फार बरं केलंत. मोठ्यांनाही हिशेब सांगायला हवा. १८६२ साली जेरी थॉमस नावाच्या अमेरिकन बारटेंडरने पंच जेलीची कृती छापली होती, तेव्हाच त्याने लिहून ठेवलंय की जिलेटिनमध्ये दारूचा कडकपणा इतका लपतो की लोक भरमसाट खातात आणि मग नाचायच्या लायकीचे राहत नाहीत. तेच होतं अजूनही. गोड लागतं, घोट घ्यावा लागत नाही, आणि जाणवतं ते उशिरा.

गच्ची, तुमचा हिशेब मी मांडून देतो. २० बाय २० सेंटिमीटरचा चौकोनी केकचा डबा घ्या. २४० मिलीचे चार थर घातले की उंची जवळजवळ अडीच सेंटिमीटर होते. आठ बाय आठ कापलं की ६४ वड्या. तीन थरांत ८० मिलीप्रमाणे २४० मिली दारू, पांढरा थर बिनदारूचा, म्हणजे आठ वड्या मिळून ३० मिलीचा एक छोटा पेग. हे ट्रेच्या शेजारी कागदावर लिहूनच ठेवा, माणसं आपली आपण मोजतात. गाडी चालवणाऱ्यांना आधीच सांगून टाका, रात्री घोडबंदरला गायमुखकडे ट्रकांची काय रांग असते तुम्हाला माहीतच आहे.

घोडबंदरची_गच्ची

सगळ्यांचे खूप खूप आभार. काल रात्री अर्ध्या प्रमाणात करून बघितलं, कोकम, नारळ, खस, हापूस. सुगरणताई, कोकमाचा थर काचेसारखा झालाय, उजेडात धरला की माणकासारखा दिसतो, बाटलीतल्या रंगाला हे कधीच आलं नसतं. नारळाचा थर दोनदा गाळून घेतला म्हणून गुळगुळीत आला. खस आणि हापूसच्या मध्ये एका कोपऱ्यात सुटलं, तिथे मला फोन आला होता आणि साय फार जाड धरली, काट्याने रेघा ओढायच्या राहिल्या. आज दुपारी दोन वाजता मुद्दाम सहा वड्या टेरेसवर ठेवल्या, ऊन लागत नाही त्या बाजूला. साडेतीनला बघितलं, एकही कड हलली नव्हती, फक्त वरून थोडा घाम धरला होता.

मुलं पाच असणार आहेत, सगळ्यात लहान चार वर्षांचं. पाचपाखाडीची ताई, तुमचं वाचल्यावर मी ठरवलंय की मुलांसाठी जेली करणारच नाही, त्यांना आंब्याची कुल्फी, म्हणजे त्यांच्यापैकी कुणी जेलीकडे हात नेला तर ते चुकून आहे हे लगेच कळेल. आणि ट्रे आमच्या बेडरूममधल्या छोट्या फ्रिजमध्ये, दाराला कुलूप.

एकच विचारायचं राहिलं, आदल्या रात्री करून ठेवलं तर चालेल का? २४ला सकाळी मला सासरच्या मंडळींना आणायला स्टेशनवर जायचं आहे.

नेरुळची_सुगरण

चालेल, उलट रात्रभरात छान बसतं. फक्त कापू नकोस, डबा तसाच झाकून ठेव. पाहुणे यायच्या आधी वर पाणी सुटलेलं दिसलं तर सुती कापडाने अलगद टिपून घे, आणि सुरी प्रत्येक वेळी गरम पाण्यात बुडवून, पुसून मग काप, हापूसचा केशरी नारळाच्या पांढऱ्यावर ओढला जात नाही.