मदत हवी आहे: मडगावहून मुंबईत एकच दिवस, क्रम कसा लावावा?

नमस्कार मंडळी. कोकणकन्येने पहाटे सीएसएमटीला उतरून त्याच रात्री परतायचे आहे. सोबत दोन ज्येष्ठ, दोन मुले. वार मंगळवार ठरवला आहे, कारण सोमवारी घारापुरीची लेणी बंद, बुधवारी राणीची बाग बंद आणि रविवारी लोकलचा मेगाब्लॉक.

सामान क्लोकरूममध्ये ठेवणार. बॅगेला कुलूप नसेल तर घेत नाहीत, म्हणून गोव्यातूनच लावून नेणार.

घारापुरी सकाळीच करावी असे वाटते. गेटवेहून लाँचला एका बाजूने साधारण तास लागतो आणि दुपारनंतर वारा वाढला की लाँच हलते. मुलांना तेव्हाच मळमळते. धक्क्यावरून छोटी गाडी पायथ्यापर्यंत नेते, पण पुढे सुमारे १२० पायऱ्या आहेत. म्हणजे जाऊन-येऊन साडेचार तास धरलेच पाहिजेत.

मग भायखळा: राणीच्या बागेत मुलांना पेंग्विन, मोठ्यांना आवारातले भाऊ दाजी लाड संग्रहालय. भाऊ दाजी मूळचे आपल्या मांद्र्याचे, तेव्हा ते टाळायचे नाही!

विचारायचे ते असे:

ज्येष्ठांसाठी डोलीचा सध्याचा दर काय, आणि तो खाली ठरवावा की वर?

लाँचवरून उतरल्यावर गेटवेजवळ शाकाहारी, बसून जेवता येईल अशी जागा कुठे?

भायखळ्याला टॅक्सीने जावे की सीएसएमटीहून लोकलने? तिसरेच स्टेशन आहे, पण पुलाचे जिने ज्येष्ठांना झेपतील का?

अलीकडे जाऊन आलेल्यांनी कृपया सांगावे.