अर्विन ॲलन: रद्दीवाला?

तिसरी घंटा
काल इथे एका महाभागाने सिनेमा-मालिकांचा निर्माता-दिग्दर्शक अर्विन ॲलनबद्दल लिहिलं, "अर्विन ॲलन म्हणजे हॉलिवूडचा रद्दीवाला. जुन्या रिळांवर जन्म काढला." वाचता वाचता चहा गार झाला. अहो, १९६६ च्या त्याच्या 'द टाइम टनेल' मालिकेच्या पहिल्याच भागात टायटॅनिक बुडते, आणि त्यात फॉक्स स्टुडिओच्याच १९५३ च्या सिनेमातली दृश्यं आहेत. मग काय टीव्हीच्या पैशात नवं जहाज बांधायचं? 'व्हॉयेज टू द बॉटम ऑफ द सी' सिनेमाचे पाणबुडीचे सेट मोडीत न काढता त्यावर ११० भागांची मालिका उभी केली माणसाने. आमच्या हौशी नाटकात एकच सोफा खोळ बदलून तीन नाटकं खेळला. त्याला कुणी रद्दी म्हटलं नाही.

खडूस काका
तो महाभाग मीच. शब्द मागे घेत नाही. सोफ्याला ना नाही, पण १९६० चा 'द लॉस्ट वर्ल्ड' बघितलात का? डायनोसॉर म्हणून काय, तर घोरपडी आणि इग्वाना, अंगावर शिंगं नि माशासारखे पर चिकटवलेले! तेही 'किंग काँग'ची बाहुली जिवंत करणारा विलिस ओब्रायन पगारावर असताना! ओब्रायन आणि हॅरीहाउझनने १९५६ मध्ये याच ॲलनला 'द ॲनिमल वर्ल्ड'साठी बाहुल्यांचे झकास डायनोसॉर एकेका फ्रेमला थोडे थोडे हलवून दिले होते. ताजं काय असतं ते ठाऊक असून शिळं वाढलं. वर त्याच घोरपडी पुढे मालिकांत पुन्हा पुन्हा.

रोटोवाला
काका, सेकंदाला २४ फ्रेम. बोलणं सोपं आहे. मी गोरेगावात रात्रपाळीत रोटो करतो, म्हणजे एकेका फ्रेममधली आकृती कडेने कापून वेगळी काढतो. लक्ष्मीपूजनाच्या रात्री घरचे फोनवर पणत्या दाखवत होते आणि मी एका घोड्याची शेपटी केसाकेसाने सोडवत होतो. सकाळी निरोप: शॉट उडाला. ॲलनने जिवंत घोरपड आणून सोडली, मी त्याच्या पाया पडतो.

खडूस काका
शेपटीचं वाईट वाटलं. विषय ॲलन आहे.

पाणथळ
अवांतर आहे, पण त्या सिनेमात घोरपड आणि मगरीचं पिल्लू झुंजवलंय. त्याचं कुणालाच काही नाही?

रोटोवाला
मग बाहुल्याच हव्यात ना? म्हणजे परत आमच्याच रात्री.

पाणथळ
तुमच्या झोपेपायी घोरपडीने मार खायचा? धन्य आहे.

रोटोवाला
ताई, घोरपडीला निदान दिवसपाळी होती!

पाणथळ
ताई कोण? मी दादा आहे. आणि हे हसण्यावारी नेऊ नका.

तिसरी घंटा
घोरपडी आवरा हो! ॲलनच्या 'द सी अराउंड अस' माहितीपटाला १९५३ मध्ये ऑस्कर. १९७२ ला 'पोसायडन' या बुडत्या जहाजाच्या सिनेमासाठी फॉक्स हात आखडता घेत होतं, तर निम्मे पैसे बाहेरून उभे केले. मग फॉक्स आणि वॉर्नर, दोघांकडे जळत्या इमारतीच्या दोन वेगळ्या कादंबऱ्या. याने दोघांना एका पंगतीला बसवून १९७४ चा 'टॉवरिंग इन्फर्नो' काढला. ८ नामांकनं, ३ ऑस्कर. रद्दीवाले हे करतात?

खडूस काका
ऑस्करचं म्हणाल तर ज्या पुस्तकावर तो माहितीपट बेतला, त्याच्या लेखिकेला, रेचल कार्सनला, तो इतका खटकला की तिने पुन्हा कुठल्याच पुस्तकाचे हक्क सिनेमाला दिले नाहीत. त्याची 'लॉस्ट इन स्पेस' मालिका तर शेवटी बोलणाऱ्या गाजरावर आली. गाजर! माणूस आत घालून! आणि १९७८ च्या 'द स्वॉर्म'मधल्या मधमाश्यांबद्दल मी बोलतच नाही, रक्तदाब आहे. 'इन्फर्नो' बरा आहे. आग निदान कुणाच्या पाठीला चिकटवलेली नव्हती.

तिसरी घंटा
काका 'बरा' म्हणाले, वेळ टिपून ठेवा. गाजर मलाही झेपलेलं नाही.

पाणथळ
घोरपडीचं उत्तर अजून आलेलं नाही.

रोटोवाला
शिफ्ट सुरू झाली, दादा. आज ड्रॅगन आहे. बाराशे फ्रेम.