मॅसरेटर टॉयलेट रात्री आपोआप घरघरतंय, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. आम्ही लंडनजवळ राहतो. जिन्याखालच्या छोट्या टॉयलेटला कमोडमागे मॅसरेटरचा पांढरा डबा आहे, म्हणजे आतली पाती सगळं दळतात आणि पंप ते बारीक पाइपातून वर ढकलतो. आई त्याला ‘मिक्सर’च म्हणते.

आधी फ्लशनंतर दहा-पंधरा सेकंदांत शांत व्हायचा. आता मिनिटभर चालतो, आणि रात्री दोन वाजता कुणी आत नसताना तीन-चार सेकंद गुरगुरतो. आईबाबा शेजारच्याच खोलीत झोपतात, बाबा दचकून उठतात.

फ्लशची टाकी कमोडमध्ये गळते का बघायला रात्री तिच्यात हळद कालवली. सकाळी कमोड पांढराशुभ्र! म्हणजे गळती नाही. मग नॉन-रिटर्न व्हॉल्व्हमधून (वर ढकललेलं पाणी परत येऊ न देणारी झडप) पाणी मागे येत असेल का? की प्रेशर स्विचवर (डब्यात पाणी भरलं की पंप चालू आणि रिकामा झाला की बंद करणारा) क्षार बसलेत? इथलं पाणी इतकं जड की किटलीच्या तळाशी महिन्यात पांढरी खपली धरते.

वाइप्स, कापूस काही टाकत नाही. ब्लीचने रबर खराब होतं म्हणून तेही बंद केलंय.

सायट्रिक ॲसिड कुणी वापरलंय का? किती घालायचं, किती वेळ ठेवायचं? आणि व्हॉल्व्ह स्वतः बदललाय का कुणी? वीज बंद करायची हे माहीत आहे, पण पाइप सुटा केल्यावर वरचं सगळं पाणी अंगावर येतं म्हणे. बादली कुठे धरायची तेवढं तरी सांगा. प्लंबरने नुसतं येऊन बघायचेच ९० पौंड सांगितलेत.