न्वोतोवाच्या सिनेमातलं गाव: आरोपी की साक्षीदार?

रानजाई (धागाकर्ती):

गेल्या आठवड्यात आमच्या फिल्म क्लबात तेरेझा न्वोतोवा या स्लोव्हाक दिग्दर्शिकेचा 'स्वेत्लोनोत्स' दाखवला. नंतरच्या गप्पांत एक ज्येष्ठ सभासद म्हणाले, "शहरातल्या बाईनं गावाची बदनामी केलीय, दुसरं काही नाही." निम्म्या लोकांनी माना डोलावल्या. मी तेव्हा गप्प बसले आणि घरी येऊन रात्रभर स्वतःशीच भांडत राहिले. म्हणून इथे लिहितेय.

ज्यांना ती माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. जन्म १९८८, त्र्नावा. वडील युराय न्वोता नाटक-सिनेमाचे दिग्दर्शक, आई आन्ना शिश्कोवा अभिनेत्री. शिक्षण प्रागच्या 'फामू' या चित्रपट अकादमीत. २०१७ हे तिचं मोठं वर्ष. त्या वर्षी 'श्पिना' (म्हणजे घाण) हा पहिला कथापट रॉटरडॅम महोत्सवात गेला, आणि त्याच वर्षी स्लोव्हाकियाचे माजी पंतप्रधान व्लादिमीर मेचियार यांच्यावरचा तिचा माहितीपटही आला. 'स्वेत्लोनोत्स' २०२२चा. स्लोव्हाक भाषेत 'स्वेत्लो' म्हणजे उजेड आणि 'नोत्स' म्हणजे रात्र. लोकार्नो महोत्सवात नव्या दिग्दर्शकांच्या स्पर्धाविभागात त्याला 'सुवर्ण बिबट्या' हे पारितोषिक मिळालं.

गोष्ट अशी. लहानपणी डोंगरातल्या गावातून पळालेली शार्लोटा वीस वर्षांनी परत येते, आईच्या वारसाहक्काचं काम म्हणून. मागे धाकट्या बहिणीच्या मृत्यूचं ओझं आहे. गावात मीरा नावाची, झाडपाल्याची माहिती असलेली एक तरुणी भेटते. दोघींची मैत्री होते आणि गाव कुजबुजायला लागतं: चेटकिणी आहेत.

आता माझा मुद्दा. हा सिनेमा एकटा बघितला तर 'गाव वाईट' असं वाटू शकतं. पण त्याच्या आधी 'श्पिना' बघा. सतरा वर्षांची लेना, चांगलं खातंपितं शहरी घर, आणि गणित शिकवायला घरी येणारा, सगळ्यांना आवडणारा मास्तर. तो तिच्यावर बलात्कार करतो, तिच्याच घरात. ती कोणाला सांगत नाही. जीव द्यायला जाते आणि मनोरुग्णालयात पोचते. या गोष्टीत ना डोंगर, ना अंधश्रद्धा. तरी गाठ तीच आहे. आजूबाजूला माणसं असतात, त्यांना काहीतरी खटकतं, आणि ती नजर वळवतात. तिच्या सिनेमातला आरोपी ही वळलेली नजर आहे. ती गावातही असते आणि चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्येही.

माणदेशी:

रानजाई, 'श्पिना'बद्दल शंभर टक्के सहमत. पण त्याच्या आडून 'स्वेत्लोनोत्स' सोडवून नेऊ नका.

मी स्वतः खेड्यात वाढलो आणि अजून खेड्यातच राहतो. पडद्यावर गाव दिसलं की मी आधी बघतो, या गावात कोणी कामाला जातं का? ढोरांना पाणी कोण पाजतं? दूध काढलं की जातं कुठे? 'स्वेत्लोनोत्स'मध्ये पुरुष पितात आणि अंगावर येतात, बायका कुजबुजतात, उरलेला वेळ सगळे मिळून दोन बायकांकडे रोखून बघतात. हे गाव नव्हे, हे महोत्सवातल्या परीक्षकांना हवं असलेलं गाव आहे. पूर्व युरोपातून अंधार आणि चिखल आला की पश्चिमेकडे पारितोषिकं मिळतात, हे आता कोणापासून लपलेलं नाही.

आणि मेचियारचा विषय तुम्ही ओझरता काढलात, मला तो जास्त महत्त्वाचा वाटतो. मेचियारला मतं कुठून यायची? राजधानी ब्रातिस्लाव्हातून नाही, लहान गावांतून आणि कारखाने बंद पडलेल्या शहरांतून. मार्टिन शहरात रणगाड्यांचा मोठा कारखाना होता. १९८९नंतर प्रागच्या नव्या सरकारनं (तेव्हा चेक आणि स्लोव्हाक मिळून एकच देश होता) शस्त्रनिर्यात आवरायचं ठरवलं, तेव्हा त्याचा घाव सगळ्यात जास्त स्लोव्हाकियातल्या अशा शहरांवर बसला. या माणसांना 'तुमच्यावर अन्याय झालाय' असं म्हणणारा एकच आवाज ऐकू येत होता, तो मेचियारचा. कलावंतांच्या घरातल्या, प्रागला शिकलेल्या मुलीला तो माणूस भयंकर वाटणारच. होताच तो भयंकर. पण त्याला मत देणारा भयंकर नव्हता. हा फरक तिला कळतो असं मला तिच्या कामात दिसत नाही.

सुईदोरा:

माणदेशी, तुमचा राग समजतो, पण एक गोष्ट राहून जातेय. 'चेटकीण' म्हणणं ही त्या देशात फक्त खेड्याची गोष्ट राहिली होती का? बायकांवरच्या हिंसेविरुद्धच्या इस्तंबूल करारावर स्लोव्हाकियानं २०११ साली सही केली. मग वर्षानुवर्षं प्रचार चालला की या करारानं कुटुंब मोडेल, 'लिंगविचारसरणी' घुसेल. फेब्रुवारी २०२० मध्ये संसदेनं करार मंजूर करायला चक्क नकार दिला. ती संसद ब्रातिस्लाव्हात भरते, डोंगरात नाही. दोन वर्षांनी हा सिनेमा आला. तिथल्या बाईनं तो बघताना तिला कुठलं गाव आठवलं असेल?

सप्टेंबर २०२५ मध्ये त्याच संसदेनं घटनेत दुरुस्ती करून लिंगं दोनच असं लिहून टाकलं. भीती कायद्याच्या भाषेत अशी येते. न्वोतोवानं ती जंगलात नेली कारण जंगलात ती उघडी दिसते. क्रुपिनासारख्या लहान शहरांत सतराव्या शतकात खरोखर बायकांवर चेटकीण म्हणून खटले चालले आणि त्यांना जाळलं गेलं. ते खटले चालवणारे शिकलेसवरलेले नगरशेठ होते, हेही ध्यानात ठेवा.

माणदेशी:

नगरशेठ होते ना? मग सिनेमात नगरशेठ दाखवा. तिथे तर लाकूडतोड्याच्या हातात मशाल आहे.

तापीकाठ:

मी सातपुड्यात, नंदुरबारच्या बाजूला, आरोग्याचं काम करते. बावीस वर्षं झाली. दोघांच्या मधला नाही, तिसराच मुद्दा मांडते.

आमच्याकडे 'डाकीण' हा शब्द अजून जिवंत आहे. एका पाड्यावर एक विधवा बाई होती, साठीच्या आसपासची. शेजारच्या घरातलं मूल जुलाबानं गेलं. भगतानं दाणे टाकले, नाव हिचं निघालं. मी पोचले तेव्हा ती दारात बसून मोहाची फुलं निवडत होती. मान वर केली नाही. म्हणाली, "बाई, पाणी भरायला रात्रीची जाते आता." एवढंच. मारहाण झाली नव्हती, घर जाळलं नव्हतं. विहिरीवर ती आली की बाकीच्या बायका घागरी उचलून निघून जायच्या, हे चार महिने चाललं होतं. पुढे कळलं की तिच्या नवऱ्याच्या वाट्याचं दीड एकर शेत दिराला हवं होतं.

आपल्याकडे २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा झाला, त्यासाठी दाभोलकरांना जीव द्यावा लागला. कायद्याचा उपयोग होतो, मी पोलिसांत गेलेली आहे. पण कायदा लागू करताना पहिला प्रश्न आम्ही हाच विचारायला शिकलो: जमीन कोणाची?

म्हणून माझी तक्रार माणदेशींपेक्षा वेगळी आहे. न्वोतोवाची गोष्ट वारसाहक्कापासूनच सुरू होते! धागा तिच्या हातात होता. घर कोणाचं, जमीन कोणाला मिळणार, शार्लोटा परत आल्यानं कोणाचं काय बिघडतं? तो धागा ती सोडून देते आणि आपल्याला रात्रीच्या जंगलात नेते, रंगांनी चमकणारी उघडी शरीरं, नाच, धुंदी. बघायला विलक्षण आहे, मी श्वास रोखून बघितलं. पण त्या वेळात मला दिराचा चेहरा बघायचा होता.

रानजाई:

तापीकाठताई, तुमचा प्रतिसाद तीनदा वाचला. घागरी उचलून निघून जाण्याचं जे सांगितलंत, तेच मला 'वळलेली नजर' म्हणून म्हणायचं होतं, आणि मी ते इतकं नेमकं म्हणू शकले नव्हते. जमिनीचा मुद्दा मान्य. सिनेमात ती बाजू कच्ची आहे.

पण रात्रीच्या नाचाबद्दल नाही पटत. चेटकीण म्हणून बाईला जाळलं त्याची चित्रं, नाटकं, सिनेमे खूप झाले, आणि त्या सगळ्यांत बाईचं शरीर म्हणजे जखमांची जागा. इथे पहिल्यांदा तिच्या शरीराला आनंद होतो. गावाला भीती त्याचीच वाटते. तो भाग काढला तर उरेल फक्त बिचारी बाई.

माणदेशी, मेचियारवरच्या माहितीपटाबद्दल. ती तेव्हा लहान होती, हीच त्याची जागा आहे. १९९३ साली देश स्वतंत्र झाला तेव्हा पाच वर्षांची, १९९८ साली मेचियार सत्तेवरून गेला तेव्हा दहा वर्षांची. त्याला मत देणाऱ्यांचा निवाडा करायला ती बसलेली नाही. ज्या पिढीचं बालपण एका माणसानं व्यापलं होतं, त्या पिढीनं मोठं होऊन विचारलेला प्रश्न आहे तो.

माणदेशी:

मग त्या माहितीपटाच्याच वर्षी, २०१७ला, आलेला 'ऊनोस' (म्हणजे अपहरण) बघा. मारियाना चेंगेल सोल्चान्स्का, तीही स्लोव्हाक, तीही बाई. ऑगस्ट १९९५ मध्ये राष्ट्राध्यक्ष मिखाल कोवाच यांच्या मुलाला पळवून ऑस्ट्रियातल्या हाइनबुर्गला नेऊन सोडलं, त्या प्रकरणावरचा थरारपट. पुढच्या वर्षी त्या प्रकरणाशी संबंध असलेला तरुण रोबेर्त रेमियाश गाडीतल्या स्फोटात मेला. १९९८ मध्ये मेचियारकडे काही काळ राष्ट्राध्यक्षाचे अधिकार आले, तेव्हा त्यानं माफीचे आदेश काढून अपहरणाचा तपासच बंद पाडला. 'ऊनोस' मार्च २०१७ मध्ये लागला, साध्या लोकांनी तिकीट काढून बघितला, देशभर संताप उठला, आणि एप्रिलमध्ये संसदेनं ते आदेश रद्द केले. मे महिन्यात घटना न्यायालयानंही शिक्कामोर्तब केलं.

लोकांना सोबत घेऊन जाणारा सिनेमा मी याला म्हणतो. कलेच्या दृष्टीनं तो न्वोतोवाच्या बरोबरीचा नसेल. पण तो प्रेक्षकाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करत नाही.

सुईदोरा:

सगळं श्रेय एका सिनेमाला कसं द्याल? आदेश रद्द करा म्हणून लोक कितीतरी वर्षं मागणी करत होते. सिनेमानं शेवटचा धक्का दिला म्हणा. आणि लेनासारख्या मुलीसाठी संसदेत कुठला आदेश रद्द करायचा? तिथे बदलायचं आहे ते जेवणाच्या टेबलावरचं गप्प बसणं. त्यासाठी प्रेक्षकाला पिंजऱ्यात उभं करावंच लागतं.

नित्र्याहून_परत:

धागा उशिरा बघितला. मी पुण्याचा, गाड्यांच्या धंद्यातला. नित्रा शहरात टाटांच्या मालकीच्या जग्वार लँड रोव्हरचा कारखाना २०१८ मध्ये सुरू झाला, त्या निमित्तानं तिथे बरीच वर्षं काढली.

माणदेशींच्या बाजूनं एक सांगतो. मी राहायचो ते नित्र्याबाहेरचं खेडं. एक नोव्हेंबरला अख्खं गाव कबरस्तानात जातं, प्रत्येक कबरीवर पणत्यांसारख्या काचेतल्या मेणबत्त्या. पहिल्या वर्षी मी कुंपणापाशी उभा होतो. शेजारच्या आजींनी हाताला धरून आत नेलं आणि एक मेणबत्ती माझ्या हातात दिली. एका कोपऱ्यातल्या कबरीकडे बोट केलं, तिथं कोणी नातेवाईक उरले नव्हते. "ही तू लाव," म्हणाल्या. बेवारस कबर अंधारात राहू नये एवढंच. 'स्वेत्लोनोत्स'मधल्या गावात या आजी नाहीत, आणि त्याचं मला वाईट वाटलं.

पण मग २०२५ मध्ये न्वोतोवाचा 'ओत्येत्स' आला, म्हणजे 'बाप'. व्हेनिस महोत्सवाच्या 'ओरिझोंती' विभागात गेला होता. खऱ्या घटनेवरून घेतलेला. उन्हाच्या तडाख्यात एक बाप मुलीला पाळणाघरात सोडलं असं मनात धरून कामावर जातो, आणि मूल गाडीत राहिलेलं असतं. मिलान ओन्द्रीकनं तो बाप केलाय. कॅमेरा लांबच लांब न तुटता त्याच्या मागे फिरतो, त्यामुळे तुम्हाला बाहेर पडायला फटच मिळत नाही. सिनेमा संपल्यावर गाडीत बसलो, आणि मागची सीट बघितल्याशिवाय किल्ली फिरवता येईना. माझी मुलं आता कॉलेजात आहेत.

या सिनेमात ती बोट दाखवणाऱ्यांच्या बाजूला उभी राहिलेली नाही, अपराध्याच्या बाजूला बसलीये. ज्या बाईनं हे केलं तिला माणसांचा तिटकारा आहे असं मी म्हणू शकत नाही.

माणदेशी:

आजींची गोष्ट वाचून गलबललं, खरंच.

'ओत्येत्स' मीही बघितलाय. मोठा सिनेमा आहे, ताकद कबूल. पण म्हणूनच माझा प्रश्न आणखी टोकदार होतो. मूल गाडीत विसरणारा बाप हा शिकलेला, चांगल्या नोकरीधंद्याचा, घर-गाडीवाला माणूस. त्याच्या प्रत्येक श्वासाला तिनं वेळ दिला, कॅमेरा त्याच्यावरून क्षणभरही हटवला नाही. मीराला चेटकीण म्हणणाऱ्या डोंगरातल्या माणसाला असा एक तरी सलग शॉट दिला का? त्याची भीती कुठून आली, त्याच्या घरात कोण मेलं होतं, त्याला रात्री झोप लागते का? करुणा तिच्याकडे आहे हे सिद्ध झालं. आता ती कोणाला मिळते आणि कोणाला नाही, एवढंच विचारतोय.

तापीकाठ:

माणदेशी, हा प्रश्न मी माझ्या मुलामुलींना, म्हणजे आमच्या कार्यकर्त्यांना, विचारणार आहे. कारण त्या पाड्यावर मी चार महिने त्या बाईच्या घरी जात होते. जिचं मूल जुलाबानं गेलं होतं, तिच्या घरी मी एकदाच गेले.

रानजाई:

माणदेशी, माझ्याकडे याला पूर्ण उत्तर नाही. एवढं म्हणेन की 'श्पिना'मध्येही मास्तराला असा शॉट नाही, आणि तो द्यायला हवा होता असं तुम्ही म्हटलेलं नाही. हिंसा करणाऱ्या प्रत्येकाला समजून घ्यायची जबाबदारी दिग्दर्शिकेवरच का? पण मास्तर हा एकटा माणूस, आणि गाव म्हणजे तीनशे माणसं, हा फरक तुमच्या बाजूनं जातो, तेही दिसतंय.

क्लबच्या पुढच्या बैठकीत 'ओत्येत्स' लावायचा प्रयत्न करतेय. त्या ज्येष्ठ सभासदांना आज फोन केला. ते म्हणाले, येतो, पण आधी तुझं म्हणणं लिहून पाठव. हा धागाच पाठवला.