‘उशीर म्हणजे अवमान नव्हे’, हे कुणी ठरवलं?

पेन्शनरची लेक: काल एका निवृत्त अधिकाऱ्याने लिहिलं, ‘आदेश पाळायला उशीर झाला म्हणून अवमान याचिका लावणं हा अधिकाऱ्यांचा छळ आहे.’ वाचून डोकंच फिरलं. आई ३२ वर्षं शाळेत शिकवून निवृत्त झाली. सेवाखंड (नोकरीत मध्ये पडलेला खंड) माफ करून पेन्शन द्या, असा हायकोर्टाचा आदेश, मुदत तीन महिने. आज चौदावा महिना! दहाव्या महिन्यात खात्याने एसएलपी, म्हणजे सुप्रीम कोर्टात अपिलाची विशेष परवानगी मागणारी याचिका टाकली, पण आदेशाला स्थगिती नाही. विचारलं की उत्तर एकच, ‘मॅटर सबज्युडिस (न्यायप्रविष्ट) आहे.’ छळ कुणाचा चाललाय?

टेबल नं. ७: ताई, वाईट वाटलं. पण फाईल कशी फिरते तेही बघा. विधी व न्याय विभागाचं मत, मग वित्त विभागाची सहमती, एक शेरा लागला की फाईल परत खाली. सचिव बदलून जातात आणि कोर्टात उभा राहतो कक्ष अधिकारी. मी राहिलोय, दोष माझा नसताना. कायदाही आदेश जाणूनबुजून मोडला तरच अवमान म्हणतो.

काळा कोट: मग मुदतवाढ मागा! अडचण खरी असेल तर मुदत संपायच्या आत अर्ज करता येतो. २२ वर्षांच्या वकिलीत वेळेत आलेले असे अर्ज मी बोटांवर मोजावेत इतके पाहिले. अवमानाची नोटीस लागली की मात्र आठ दिवसांत आदेश निघतो, ‘एसएलपीच्या निकालाच्या अधीन राहून’. तोच आधी काढायला काय झालं होतं? २००६ मध्ये आरागिरण्यांच्या परवान्यांवरून सुप्रीम कोर्टाने आपले मंत्री सुरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना महिनाभराची कैद दिली होती. तिथे उशीर नव्हता, सरळ उल्लंघन होतं. तरी जरब बसायला हवी होती.

जुना पक्षकार: कोर्टाचं एवढं कौतुक नको. एप्रिल २०२३ मध्ये अलाहाबाद हायकोर्टाने उत्तर प्रदेशच्या अर्थखात्यातल्या सचिवांना ताब्यात घेतलं. कशासाठी? निवृत्त न्यायमूर्तींच्या घरगुती मदतनीसांसारख्या सोयींचा आदेश पाळला नाही म्हणून! भूसंपादनाच्या भरपाईची आमची अवमान याचिका चार वर्षं बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, येत नाही.

काळा कोट: अर्धवट सांगू नका. ३ जानेवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाने ते आदेश रद्द केले. अधिकाऱ्यांना ऊठसूट बोलावू नका, त्यांच्या कपड्यांवर बोलू नका, अशी कार्यपद्धतीही घालून दिली.

जुना पक्षकार: अर्धवट? सचिवांसाठी स्थगिती दुसऱ्या दिवशी मिळाली. माझे वडील भरपाई न बघता गेले. आणि १९७१ च्या अवमान कायद्यात दंड किती? फार तर २,००० रुपये. वकिलांचं काय जातं, प्रत्येक तारखेला फी!

काळा कोट: फीवर घसरू नका. बोर्ड मी लावत नाही. चार वर्षं फार झाली, हे मात्र खरं.

पेन्शनरची लेक: न्यायमूर्तींचे मदतनीस नि वकिलांची फी. माझी आई ७१ वर्षांची आहे हो.

काळा कोट: ताई, तारीख मोजा. अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे याचिकेला एक वर्षाची मुदत. तीन महिने संपल्यापासून अकरा झाले. थांबू नका.

टेबल नं. ७: मान्य करतो, स्थगिती नसतानाही ‘एसएलपी प्रलंबित’ असा शेरा मारून फाईल बाजूला ठेवतात. मीही ठेवलीय. सध्याच्या सचिवांच्या नावाने आदेशाची प्रत जोडून पत्र द्या, पोच घ्या. मग ‘माहीत नव्हतं’ म्हणता येत नाही. फक्त पत्राच्या उत्तराची वाट बघत महिना घालवू नका.

पेन्शनरची लेक: उद्या पत्र देते. याचिकाही याच आठवड्यात.