शहझाद वाया गेला म्हणणाऱ्यांनो, जरा थांबा

लेगस्लिप

परवा ऑफिसात अफगाणिस्तानचा सलामीवीर गुरबाझ ह्याचं कौतुक चाललं होतं. मी म्हटलं, ह्या पोराच्या आधी शहझाद होता बरं का. शेजारच्या टेबलावरून उत्तर आलं, "तो जाड्या? वाया गेला तो." चहा संपला, विषयही संपला. माझ्या डोक्यातून मात्र जाईना, म्हणून हा धागा.

मोहम्मद शहझाद, अफगाणिस्तानचा सलामीवीर आणि यष्टिरक्षक. मूळ नांगरहारचा, वाढला पेशावरकडच्या निर्वासित छावणीत. अफगाणिस्तानला वनडेचा दर्जा मिळाला २००९ मध्ये. त्याच वर्षी देशाचं पहिलं वनडे शतक आलं ते ह्याच्या बॅटमधून, नेदरलँड्सविरुद्ध ११०. पुढच्या फेब्रुवारीत शारजात इंटरकॉन्टिनेंटल कपचा, म्हणजे कसोटी न खेळणाऱ्या देशांच्या स्पर्धेतला, चार दिवसांचा सामना होता. कॅनडाने चौथ्या डावात ४९४ चं लक्ष्य दिलं. एवढं लक्ष्य देणारा कर्णधार रात्री निवांत झोपतो. अफगाणिस्तानने ते चार गडी गमावून पार केलं, शहझाद नाबाद २१४. आपल्यापैकी किती जणांनी बघितलं? मीसुद्धा नाही, दुसऱ्या दिवशी धावफलक वाचला होता.

कारकिर्दीचा हिशेब असा: ८४ वनडे, २,७२७ धावा, ६ शतकं. २००९ ते २०१९ ह्या दहा वर्षांत ८४ सामने, म्हणजे वर्षाला आठ-साडेआठ. तिकडे धोनी ३५० खेळला. आणि आता कोडं. पन्नास षटकांच्या विश्वचषकात शहझादच्या एकूण धावा किती?

सात.

२०११ ला संघ पात्रच ठरला नाही. २०१५ ला फिटनेसवर बोट ठेवून त्याला घरी बसवलं. २०१९ ला शून्य आणि सात असे दोन सामने झाले आणि गुडघ्याचं कारण सांगून परत पाठवलं. तो म्हणत राहिला की मी खेळू शकतो, माझ्याविरुद्ध कट आहे. ऐकलं कोणी नाही.

माझं म्हणणं एवढंच: ज्याला वर्षाला आठ सामने मिळाले, ज्याच्या संघाला घरचं मैदान म्हणून कधी शारजा, कधी नोएडा, कधी डेहराडून मिळालं, त्याला "वाया गेला" म्हणताना आपण मुंबई-दिल्लीच्या पोराचं माप लावतोय. ते माप चुकीचं आहे.

तिसरा पंच

लेगस्लिप, लिहिलंय छान, पण सोयीचं तेवढंच लिहिलंय. उरलेलं मी लिहितो.

१७ जानेवारी २०१७ ला दुबईत घेतलेल्या नमुन्यात क्लेनब्युटेरॉल सापडलं. वर्षभराची बंदी. त्याच वर्षी जूनमध्ये अफगाणिस्तानला कसोटीचा दर्जा मिळाला. देशाच्या क्रिकेटमधला सगळ्यात मोठा दिवस, आणि देशाचा सगळ्यात गाजलेला फलंदाज बंदी भोगतोय! बंदी उठून दोन महिने होत नाहीत तोच विश्वचषक पात्रता स्पर्धेत बाद झाल्याच्या रागात खेळपट्टीवर बॅट आपटली. आधीचे डिमेरिट (बेशिस्तीचे) गुण होतेच, दोन सामन्यांची बंदी. एप्रिल २०१८ मध्ये परवानगीशिवाय पेशावरच्या क्लब स्पर्धेत खेळला म्हणून दंड. ऑगस्ट २०१९ मध्ये बोर्डाने करारच वर्षभर गोठवला. २०२२ मध्ये बांगलादेशच्या लीगमध्ये मीरपूरच्या मैदानावर, हो, मैदानावर, सिगारेट ओढताना कॅमेऱ्यात सापडला.

यातलं काय "व्यवस्थेने" केलं? सिगारेट व्यवस्थेने पेटवून दिली का?

आणि सहा शतकांचं म्हणाल, तर नेदरलँड्स, कॅनडा, झिंबाब्वे दोनदा, आयर्लंड आणि भारत. बड्या संघाविरुद्ध एक. त्या एकावर किती दिवस जेवायचं?

जामठा स्टँड

थांबा राजेहो, मी येतो मधात.

२०१६ च्या मार्चात आमच्या जामठ्याले टी-ट्वेंटी वर्ल्डकपचे सामने होते. इंडियाचं तिकीट भेटलं नाही, तं मित्र म्हणे चाल अफगाणिस्तान पाहू. दुपारचे तीन, मार्चातलं नागपूर, सिमेंटच्या पायरीवर बसलं का चटका लागे. म्या दुपट्टा ओला करून डोक्यावर घेतला होता.

स्कॉटलंडले ह्या गड्यानं ६१ मारले. मंग झिंबाब्वे, हाँगकाँग, दोन्हीत चाळिसाच्या घरात. आमच्या मागं दोन शाळकरी पोट्टे होते, त्यायले नाव माहीत नव्हतं, तं ते "ओ पैलवान" म्हणून हाका मारत होते. एकदा बाउंड्रीजवळून जाताना त्यानं वळून दंड दाखवला. पोट्टे असे खुश झाले का पुढचे चार ओव्हर सामना कोणी पाह्यलाच नाही.

२७ मार्चले तं वेस्ट इंडिजले हरवलं, सहा रननं. तेच वेस्ट इंडिज आठ दिवसानं कप घेऊन गेले. सामना संपल्यावर गेल, जो त्या दिवशी खेळलाच नव्हता, तो येऊन ह्यायच्यासंग नाचला. पूर्ण स्पर्धेत शहझादचे २२२ रन. रनाच्या यादीत तमीम, कोहली, रूट, आन् मंग हा.

भारताचा एक सामना सोडून द्या म्हणता, तं मंग हे कुठं ठेवाचं?

तिसरा पंच

जामठा भाऊ, त्या २२२ मधल्या बऱ्याच धावा पहिल्या फेरीतल्या, छोट्या संघांविरुद्धच्या. तमीमच्याही तशाच, मान्य. पण कोहली आणि रूट ती फेरी खेळलेच नाहीत.

शिवाजी पार्क लोकल

वानखेडेवर २० मार्चला दक्षिण आफ्रिका होती, ती छोटी नव्हती. मी नॉर्थ स्टँडला होतो. आफ्रिकेने २०९ केलेले, डिव्हिलियर्सने रशीदच्या एका षटकात २९ चोपलेले. म्हटलं चला, साडेपाचची लोकल मिळेल. तेवढ्यात हा आला आणि १९ चेंडूंत ४४. समोर रबाडा, ॲबट. पाच षटकार. नॉर्थ स्टँड म्हणजे दर्दी लोक, सहजी टाळी देत नाहीत, पण उभं राहून ओरडत होते. मॉरिसने त्रिफळा उडवला तेव्हा मैदानात जी "आऽऽ" झाली ती परक्या संघाच्या खेळाडूसाठी फार ऐकू येत नाही.

लोकल चुकली. सामना हरले ते ३७ धावांनी.

मास्तर आठवले

फलंदाजीवर सगळे बोलताय, हातमोज्यांवर कोणीच नाही. मी अठरा वर्षं मुंबईच्या पावसाळी कांगा लीगमध्ये विकेटकीपिंग केलं, आता पोरांना शिकवतो. थोडं लांबेल, सहन करा.

पन्नास षटकं म्हणजे तीनशे चेंडू, म्हणजे कमीत कमी तीनशे उठाबशा. त्या वेळच्या अफगाणिस्तानकडे नबी, रशीद, पुढे मुजीब. निम्म्याहून जास्त षटकं फिरकीची, म्हणजे कीपर यष्ट्यांना चिकटून. लेगस्पिनरची गुगली हातातून सुटतानाच ओळखावी लागते, टप्प्यावर ओळखायला गेलात तर उशीर झाला. त्यात उजव्या फलंदाजाच्या लेगला जाणारा चेंडू मध्येच त्याच्या पॅडांआड नाहीसा होतो. तेवढ्या क्षणात अंदाजाने हात न्यायचे. आणि मुख्य गोष्ट, चेंडूच्या उसळीबरोबर उठायचं. आधी उठलात की ग्लोव्हजखालून बाय. आझाद मैदानाच्या ओल्या खेळपट्टीवर हे मी माझ्या बोटांनी शिकलोय, करंगळी अजून वाकडी आहे.

वजन जास्त असलेला कीपर पहिली पंधरा षटकं हे सगळं झकास करतो. चाळिसाव्या षटकात तो अर्धवट बसायला लागतो. पोरांना मी सांगतो, कीपरचा चेहरा बघू नका, ढोपरं बघा. शहझादचे हात मऊ होते, नजर उत्तम होती, स्टंपिंगला चपळ होता. ढोपरं बोलत होती. आणि एवढं करून त्यालाच सलामीला जायचं!

म्हणून जून २०१८ मध्ये बंगळुरूला पहिल्यावहिल्या कसोटीत ग्लोव्हज अफसर झझाईकडे दिले आणि शहझादला नुसता फलंदाज म्हणून खेळवलं. निर्णय शंभर टक्के बरोबर होता. माझ्या मते तो पाच वर्षं आधी घ्यायला हवा होता. उगवत्या संघांचं हेच होतं, एक हुकमी माणूस सापडला की त्याच्याच पाठीवर सगळं लादतात. झिंबाब्वेचा तातेंडा तायबू आठवा. कीपर, फलंदाज आणि २००४ मध्ये विसाव्या वर्षी कसोटी कर्णधार. २९ व्या वर्षी क्रिकेट सोडून चर्चच्या कामाला लागला.

लेगस्लिप

मास्तर, ढोपरांचं पटलं. हे मला कधी सुचलं नव्हतं.

पंचसाहेब, "त्या एकावर किती दिवस जेवायचं" ह्यावर येतो. २५ सप्टेंबर २०१८, दुबई, आशिया चषक. धोनी दोनशेव्यांदा वनडेत कर्णधार. शहझादचं शतक पूर्ण झालं तेव्हा संघाच्या धावा किती होत्या? १३१. म्हणजे बाकी सगळे मिळून, अवांतर धरून, तिसाच्या आसपास. शेवटी ११६ चेंडूंत १२४, संघ २५२. भारतही २५२. शेवटच्या षटकात सात हवे होते, जडेजा एक चेंडू राखून बाद, सामना टाय.

त्याच सुमारास एका सट्टेवाल्याने त्याला अफगाणिस्तानच्या लीगमध्ये मुद्दाम वाईट खेळायला सांगितलं होतं. ह्याने सरळ जाऊन तक्रार केली. बेशिस्त म्हणून ज्याचं नाव घेताय त्याच माणसाने. तुमच्या यादीत हे नव्हतं.

आणि पेशावरचं. तो जिथे वाढला, जिथे घर आहे, तिथे टेनिस बॉलपासून सगळं खेळला. बोर्ड तेव्हा म्हणत होतं तिथे राहायचं नाही, तिथे खेळायचं नाही. दोन देशांच्या भांडणात माणसाने मोहल्ला कुठे न्यायचा?

औषधवाली

क्लेनब्युटेरॉलवर थोडं. मी फार्मासिस्ट आहे. हे मुळात श्वासनलिका मोकळी करणारं औषध, काही देशांत दम्याला वापरतात, जनावरांनाही देतात. चरबी घटते म्हणून वजन उतरवणाऱ्यांत त्याचा बोलबाला. शहझादच्या प्रकरणात ते वजन कमी करायच्या एका उत्पादनातून आलं आणि त्याचा हेतू फसवणुकीचा नव्हता हे आयसीसीने मान्य केलं. तरीही शिक्षा झाली, कारण उत्तेजकांच्या नियमात पोटात काय गेलं ह्याची जबाबदारी खेळाडूचीच.

मला जे खटकतं ते वेगळंच. २०१५ ला "जाड आहेस" म्हणून विश्वचषकाला नेलं नाही. माणूस बारीक व्हायला गेला आणि त्यातच अडकला. माझ्या काउंटरवर लग्नसराईच्या आधी अशीच माणसं येतात. डब्यावरचं बारीक अक्षर कोणी वाचत नाही. डबा उलटा करून दाखवला तर म्हणतात, "ताई, तुम्ही फक्त बिल करा."

तिसरा पंच

ताई, सहानुभूती आहे, पण तो व्यावसायिक खेळाडू होता, लग्नाचा नवरदेव नव्हे. आणि हाच माणूस म्हणाला होता ना, की कोहलीपेक्षा लांब षटकार मी मारतो तर त्याच्यासारखं पथ्य कशाला पाळू? तेव्हा सगळे हसले. मीही हसलो. पण २०१९ ला त्याच्या जागी आलेल्या अठरा वर्षांच्या इक्रम अलीखिलने लीड्सला वेस्ट इंडिजविरुद्ध ८६ केल्या. एकोणीस पूर्ण व्हायच्या आत विश्वचषकात एवढी मोठी खेळी कोणी केली नव्हती, त्याआधीचा विक्रम सचिनचा होता, ९२ सालचा, ८४. जागा रिकामी झाली म्हणून हे पोरगं दिसलं.

शिवाजी पार्क लोकल

आणि अफगाणिस्तान त्या विश्वचषकात नऊच्या नऊ सामने हरलं. तेही लिहा की.

जामठा स्टँड

😂

मास्तर आठवले

गुरबाझबद्दल एक वाक्य, कारण धागा त्याच्यावरून सुरू झाला. २०२४ च्या सप्टेंबरात शारजात दक्षिण आफ्रिकेविरुद्ध त्याने सातवं वनडे शतक केलं, तेव्हा शहझादचा सहाचा विक्रम मोडला. गुरबाझला आयपीएल मिळाली, मोठ्या संघांशी नियमित सामने मिळाले, ढोपरांची काळजी घेणारी माणसं मिळाली. शहझादला आयपीएल कधीच नाही. आमचा लालचंद राजपूत तिकडे प्रशिक्षक म्हणून गेला २०१६ ला, तोवर हा बऱ्याच सवयी लावून बसला होता.

तिसरा पंच

लेगस्लिप, एक सरळ प्रश्न. गोल उत्तर नको. मे २०१९, संघ तुम्ही निवडताय. २१ मेला बेलफास्टमध्ये आयर्लंडविरुद्ध त्याने १०१ केलेत. मग सराव सामन्यात गुडघा दुखावलाय. कागदावर काय लिहाल?

लेगस्लिप

ग्लोव्हज इक्रमला. शहझाद नुसता सलामीला. आणि दोन अपयशांनंतर घरी पाठवला नसता.

तिसरा पंच

म्हणजे कीपर म्हणून तुम्हालाही नकोच होता. आणि नुसता फलंदाज म्हणून बंगळुरूत खेळवला तेव्हा १४ आणि १३.

लेगस्लिप

अहो ती कसोटी! अख्खा संघ एका दिवसात दोनदा गुंडाळला, १०९ आणि १०३. त्याच्या एकट्याचं काय घेऊन बसलात? आणि ते १४ तरी कुठे कोणी बाद केलं, पंड्याच्या फेकीवर धावबाद झाला.

तिसरा पंच

धावबाद. बघा, तुम्हीच म्हणालात.

जामठा स्टँड

हां, आता आलं न बा गाडं रुळावर. पैलवानाले पळाले कोणं सांगतलं होतं?