सेबास्टियन हाफनर: भूमिका बदलणाऱ्या भाष्यकारावर किती विसंबावं?

उत्तरायण:
जर्मन पत्रकार राइमुंड प्रेट्झेल १९३८ मध्ये बर्लिन सोडून इंग्लंडला गेले. मागे राहिलेल्या घरच्यांना नाझींचा जाच नको म्हणून सेबास्टियन हाफनर हे टोपणनाव घेतलं. १९५४ ला 'ऑब्झर्व्हर' या ब्रिटिश वृत्तपत्राचे वार्ताहर म्हणून जर्मनीत परतले. १९६१ मध्ये बर्लिनच्या प्रश्नावर मतभेद होऊन ते पत्र सोडलं आणि पूर्वेकडच्या साम्यवादी गटाशी कणखर धोरणाची बाजू घेत उजव्या विचारांचे प्रकाशक स्प्रिंगर यांच्या 'डी वेल्ट' दैनिकात लिहू लागले. दशक संपायच्या आत तेच हाफनर 'श्टेर्न' साप्ताहिकातून पूर्व जर्मनीला मान्यता द्या म्हणत होते! दोन्ही वेळी सूर तितकाच ठाम. अशा माणसाचं भाष्य पुरावा म्हणून वापरू नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

पिंपळपान:
@उत्तरायण, मधलं १९६२ साल तुम्ही गाळलंत, आणि सगळी गोम तिथेच आहे. नाटोच्या 'फॅलेक्स ६२' सरावात जर्मन लष्कर कमी पडलं, असा लेख 'श्पीगल' या वृत्तसाप्ताहिकानं छापला. त्यावरून २६ ऑक्टोबरच्या रात्री पोलीस त्याच्या हॅम्बुर्गच्या कचेरीत घुसले. संपादक आउगश्टाइन १०३ दिवस कोठडीत. लेख लिहिणारे आलर्स सुट्टीवर स्पेनमध्ये होते, त्यांना तिथेच अटक. संरक्षणमंत्री श्ट्राउस यांनी आधी कानावर हात ठेवले, पण त्या अटकेमागे तेच होते हे उघड झालं आणि मंत्रिपद गेलं. हाफनर तेव्हा उजव्या गोटात गणले जात, तरी त्यांनी जाहीर निषेध केला.

हे अचानक आलेलं नव्हतं. १९३३ मध्ये ते बर्लिनच्या उच्च न्यायालयात शिकाऊ कायदेपंडित म्हणून उमेदवारी करत होते. तिथल्या ग्रंथालयात एसए या नाझी दलाचे गणवेशधारी शिरले आणि एकानं विचारलं, तुम्ही आर्य (म्हणजे ज्यू नसलेले) का? तोंडून "हो" निघून गेलं, त्याची लाज त्यांनी आठवणींत लिहून ठेवली आहे. कायद्याचं राज्य कसं मोडतं हे ज्यानं टेबलाशी बसून पाहिलं, तो १९६२ मध्ये गप्प बसणार नव्हताच.

काळा_दगड:
निषेध मान्य. पण २ जून १९६७? पश्चिम बर्लिनमध्ये इराणच्या शहाविरुद्धच्या निदर्शनांत पोलीस कुरास यानं बेनो ओनेझोर्ग या विद्यार्थ्याला गोळी घातली. हाफनरनी 'श्टेर्न'मध्ये तो दिवस थंड डोक्यानं आखलेलं हत्याकांड ठरवला. हे भाष्य नव्हे, निकालपत्र झालं. कुरास श्टाझीचा, म्हणजे पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांचा, खबऱ्या होता हे २००९ मध्ये बाहेर आलं.

पिंपळपान:
श्टाझीनं गोळी घालायला सांगितल्याचा पुरावा मिळालेला नाही. कुरास दोषमुक्त सुटला, हेही सांगा. शब्द मात्र अतिरेकी होते, तिथे तुमच्याशी सहमत.

उत्तरायण:
आणि मान्यतेची कोलांटउडी?

पिंपळपान:
ऑगस्ट १९६१ मध्ये बर्लिनची भिंत उभी राहताना पश्चिमेनं ती पाडली नाही, तेव्हाच दबावानं एकीकरणाचा मार्ग संपला. उरला वाटाघाटींचा. पश्चिम जर्मनीच्या ब्रांट सरकारनं डिसेंबर १९७२ मध्ये पूर्व जर्मनीशी मूलभूत करार केला, तो याच वाटेनं. हाफनरचा लेख उद्धृत करताना आधी तारीख पाहा, ऑगस्ट १९६१ च्या आधीची की नंतरची. ती न देता दोन वाक्यं शेजारी ठेवलीत तर कोणीही कोलांटउड्या मारणारा दिसेल.